एका मिनिटाची कारकीर्द



व्याख्यानाचा विषय म्हणून आम्ही ‘आइस हॉकीतील एक खेळाडू’ असे कळवले, तेव्हा चालकांनी आम्हांला फिरून विचारले, की यातला ‘आइस’ हा शब्द अनवधानाने पडला आहे काय? अनवधानाने पडलेला नाही. ऐन वैशाखात, पंख्याखाली बसूनही घाम पुसावा लागतो अशा संध्याकाळी, बर्फावर खेळल्या जाणाऱ्या खेळाविषयी बोलायचे म्हणजे थोडी थट्टाच वाटेल. पण थट्टा करण्याचा आमचा हेतू नाही. ज्या माणसाविषयी आम्ही बोलणार आहोत, त्याचे नाव आपल्यापैकी फार थोड्यांनी ऐकले असेल. त्याच्या स्वतःच्या देशातही कित्येक वर्षे ते फारसे कोणाच्या तोंडी नव्हते.

कॅनडा आणि अमेरिका या दोन देशांत मिळून चालणारी नॅशनल हॉकी लीग ही या खेळातली सर्वांत वरची पायरी. तिच्या नोंदवहीत लॅरी क्वाँग या नावापुढे एकच ओळ आहे. हंगाम १९४७-४८, संघ न्यूयॉर्क रेंजर्स, सामने १, गोल ०, साहाय्य ०. संपले. आपल्याकडे क्रिकेटच्या धावफलकात असा एखादा गडी दिसला तर आपण म्हणतो, बिचारा आला तसा गेला. क्वाँग तर आला हेही प्रेक्षकांपैकी अनेकांच्या ध्यानात आले नसेल, कारण त्या एका सामन्यात तो बर्फावर होता तो सुमारे एक मिनिट.

ही नोंद खोटी नाही. तीत एकही आकडा चुकलेला नाही. हिशेब बरोबर आहे आणि तरीही त्यात माणूस सापडत नाही, असे कधी कधी होते. ते या माणसाच्या बाबतीत कसे झाले, हे आज सांगायचे आहे.

आधी खेळाची थोडी ओळख करून देणे भाग आहे. आपल्या हॉकीशी या खेळाचे नाते काठीपुरतेच. मैदान म्हणजे सुमारे दोनशे फूट लांब आणि पंचाऐंशी फूट रुंद असा बर्फाचा गुळगुळीत पृष्ठभाग, भोवती लाकडी कठडा. चेंडूच्या जागी कडक रबराची चकती, तीन इंच व्यासाची आणि एक इंच जाडीची. तिला ‘पक’ म्हणतात. दोन्ही बाजूंचे सहा सहा गडी, पायांत पोलादी पात्यांचे बूट. सामना वीस वीस मिनिटांच्या तीन डावांचा, म्हणजे साठ मिनिटांचा. अंगाला अंग भिडवणे, प्रतिस्पर्ध्याला कठड्यावर दाबणे, हे सारे नियमात बसते; आमच्या एका स्नेह्यांनी हुतूतू आणि कुस्ती यांचे मिश्रण करून ते घसरगुंडीवर मांडावे असे याचे वर्णन केले होते, आणि ते फारसे वावगे नाही.

पण आजच्या विषयाला लागणारी गोष्ट निराळीच आहे. या खेळात दमछाक इतकी होते, की कोणताही आघाडीचा गडी सलग खेळू शकत नाही. मिनिट-दोन मिनिटे जिवाच्या आकांताने धावायचे, मग कठड्यावरून आत येऊन बाकावर बसायचे आणि दुसऱ्याने जायचे. खेळ न थांबता ही अदलाबदल चालू असते. तिघांची एक फळी, अशा त्या काळी साधारण तीन फळ्या असत. म्हणजे नियमित खेळणाऱ्या आघाडीच्या गड्याला सामन्यात ढोबळमानाने वीस मिनिटे मिळत. १९४७-४८ च्या हंगामात प्रत्येक संघ साठ सामने खेळला. वीस गुणिले साठ, बाराशे मिनिटे. त्यांतले क्वाँगच्या वाट्याला आले एक. कोणाला आत सोडायचे आणि कोणाला बाकावर ठेवायचे हे ठरवणारा एकच माणूस, तो म्हणजे प्रशिक्षक. खेळाडूचे कर्तृत्व बर्फावर दिसते, पण बर्फावर जाण्याचा दरवाजा त्याच्या हातात नसतो. एवढे ध्यानात ठेवून आपण पुढे जाऊ.

कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्याकडचा प्रांत ब्रिटिश कोलंबिया. त्यात ओकानागन नावाचे फळबागांचे खोरे आहे, आणि त्या खोऱ्यात व्हर्नन हे गाव. १७ जून १९२३ रोजी तेथल्या एका चिनी वाण्याच्या घरी लॅरीचा जन्म झाला. पंधरा भावंडांतला तो चौदावा. त्याचे खरे नाव एंग काई गेओंग. ‘क्वाँग’ हे त्या घराण्याचे आडनाव नव्हेच. वडिलांनी दुकानाला ‘क्वाँग हिंग लुंग’ असे नाव दिले होते, म्हणजे भरभराटीचे दुकान. गोऱ्या गिऱ्हाइकांनी दुकानाचे नाव तेच मालकाचे नाव असे धरले, आणि तेच पुढे घराण्याला चिकटले. वडील सोन्याच्या शोधात चीनमधून आले होते. सोन्यापेक्षा भाजीपाला आणि किराणा बरा, हे त्यांना लौकरच कळले असावे.

मुलगा जन्मला ती वेळ मात्र भरभराटीची नव्हती. त्याच्या जन्मानंतर चौदाच दिवसांनी, १ जुलै १९२३ रोजी, कॅनडात एक कायदा अमलात आला. त्या कायद्याने चिनी माणसांना देशात येण्यास जवळजवळ पूर्ण बंदी झाली. त्याआधी कर होता. पॅसिफिक रेल्वेचा मार्ग डोंगर फोडून तयार करायला हजारो चिनी मजूर आणले, आणि १८८५ साली मार्ग पुरा होत आला तोच येणाऱ्या प्रत्येक चिनी माणसावर पन्नास डॉलरचा डोईपट्टीसारखा कर बसवला. तो १९०० साली शंभर झाला आणि १९०३ साली पाचशे. पाचशेनेही भागेना म्हणून मग बंदी. ती चोवीस वर्षे, १९४७ पर्यंत टिकली, आणि एवढ्या काळात अधिकृतपणे आत येऊ शकलेल्या चिनी माणसांची संख्या पन्नासाच्या आतच सांगतात. १ जुलै हा कॅनडाचा राष्ट्रीय सण; तेथील चिनी लोक त्या दिवशी दुकाने बंद ठेवीत आणि त्याला अपमानाचा दिवस म्हणत.

लॅरी तर त्याच भूमीवर जन्मलेला. तरीही ब्रिटिश कोलंबियात चिनी वंशाच्या माणसाला मताचा हक्क नव्हता. जाता जाता सांगतो, तो हक्क तेथे गेलेल्या आपल्या हिंदी लोकांनाही नव्हता. बहुतेक पंजाबी शीख असलेल्या त्या मंडळींचा हक्क १९०७ साली काढून घेतला होता, आणि तो परत मिळाला १९४७ साली, चिनी लोकांबरोबरच.

लॅरी पाच वर्षांचा असताना वडील वारले. आईने आणि थोरल्या भावांनी दुकान सांभाळले. हिवाळ्यात तळी गोठत, त्यांवर गावातली पोरे खेळत, त्यांत हाही. शनिवारी संध्याकाळी रेडिओवर फॉस्टर ह्यूइट नावाचा निवेदक टोरांटोच्या सामन्याचे धावते वर्णन करी. सारा कॅनडा तेव्हा रेडिओभोवती बसे, आणि किराणा दुकानामागच्या त्या घरातली पोरेही बसत. आपणही एक दिवस त्या लीगमध्ये खेळायचे, असे त्या मुलाने मनाशी ठरवले. अशी स्वप्ने सगळीच मुले पाहतात. फरक एवढाच, की या मुलाला गावातल्या केशकर्तनालयात केस कापायला नकार मिळाला होता. ही आठवण त्यांनी पुढे म्हातारपणी स्वतः सांगितली आहे. ज्या गावाच्या संघासाठी तो खेळला, आणि त्या ‘हायड्रोफोन्स’ संघाने कुमारांची प्रांतिक अजिंक्यपदे आणली, त्याच गावातली ही गोष्ट.

अठराव्या वर्षी तो ट्रेल या गावी गेला. ट्रेल हे धातू गाळण्याच्या प्रचंड कारखान्याचे गाव. म्हणून तेथल्या संघाचे नाव ‘स्मोक ईटर्स’, धूर खाणारे. नावावर जाऊ नका. या संघाने १९३९ साली कॅनडाच्या वतीने जागतिक अजिंक्यपद मिळवले होते. संघ म्हणायचा हौशी. पण हौसेवर पोट भरत नाही, तेव्हा तोड अशी काढलेली होती, की खेळाडूला कारखान्यात चांगल्या पगाराची नोकरी द्यायची. सकाळी कारखाना, संध्याकाळी बर्फ. खरे सांगायचे तर खेळाडू त्या नोकरीसाठीच ट्रेलला येत.

लॅरीला संघात घेतले. कारखान्यात घेतले नाही. चिनी माणसाला तेथे नोकरी नव्हती. बाकीचे खेळाडू कारखान्याचा पगार घेत असताना हा गावातल्या एका हॉटेलात पाहुण्यांच्या ट्रंका उचलण्याचे काम करी. आम्हांला सगळ्या कहाणीत ही गोष्ट सर्वांत बोलकी वाटते. यात आरडाओरडा नाही, कोणी शिव्या दिल्या नाहीत. गोल करायला तो चालतो, प्रेक्षक त्याच्या नावाने ओरडतात, त्याला टोपणनावे देतात; ‘चायना क्लिपर’ म्हणत, ‘किंग क्वाँग’ म्हणत. फक्त ज्या गोष्टीसाठी बाकीचे खेळतात, ती गोष्ट त्याला मिळत नाही. आणि संघ काही खोटे बोलत नव्हता. ‘आम्ही त्याला खेळवले’ असे त्याला खरेपणाने सांगता आले असते.

त्याच सुमारास नॅशनल लीगमधल्या शिकागोच्या संघाने त्याला सरावाला येण्याचे निमंत्रण दिले. शिकागो अमेरिकेत, तेव्हा सरहद्द ओलांडण्यासाठी सरकारी कागद हवेत. कॅनडाच्या सरकारने ते दिले नाहीत. पहिली संधी अशी टेबलावरच राहिली.

पण त्याच सरकारला सैनिक हवे होते. महायुद्ध चालू होते आणि १९४४ साली लॅरीला सैन्यात भरती करून घेतले. मत देता येत नव्हते. गणवेष घालता येत होता. अल्बर्टा प्रांतातल्या रेड डिअर येथील छावणीत तो राहिला आणि तेथे सैन्याच्या संघातर्फे खेळला. सैनिकांची करमणूक हीही युद्धकाळात एक कामगिरीच होती. युद्ध संपले, तो ट्रेलला परतला, आणि १९४६ साली त्या संघाने ब्रिटिश कोलंबियाचे अजिंक्यपद जिंकले. रेंजर्स संघ ज्यांनी उभा केला ते लेस्टर पॅट्रिक मूळचे या पश्चिमेकडच्याच हॉकीतले जाणते गृहस्थ. या चपळ, साडेपाच फुटी गड्याची वार्ता न्यूयॉर्कपर्यंत पोचली आणि त्याच वर्षी त्याला बोलावणे आले.

पण बोलावणे रेंजर्सकडून थेट नव्हते. मोठ्या संघांना हाताखालचे संघ असतात, तेथे गडी तयार होतात आणि गरजेनुसार वर घेतले जातात. रेंजर्सचा असा हाताखालचा संघ ‘रोव्हर्स’. दोन्ही संघांचे घर एकच, मॅडिसन स्क्वेअर गार्डन. रविवारी दुपारी रोव्हर्सचे सामने होत. न्यूयॉर्कमधल्या चिनी वस्तीला या खेळाचे एरवी काही सोयरसुतक नव्हते; पण आपला एक मुलगा गार्डनच्या बर्फावर उतरतो म्हटल्यावर १९४६ च्या नोव्हेंबरात तेथे त्याचा जाहीर सत्कार झाला. चिनी वस्तीचे ‘महापौर’ म्हणून ओळखले जाणारे शेव्ही ली सत्काराला हजर होते. त्यांना त्या पदावर कोणी निवडून दिलेले नव्हते, पण वस्तीत त्यांचा शब्द चाले.

आता ते वर्ष ध्यानात घ्या. १९४६ साली जॅकी रॉबिन्सन हा निग्रो खेळाडू बेसबॉलमध्ये माँट्रियलच्या संघातून खेळला आणि १५ एप्रिल १९४७ रोजी न्यूयॉर्कच्याच ब्रुकलिन भागातल्या संघातर्फे सर्वांत वरच्या लीगमध्ये उतरला. जगभर गाजलेली घटना. तिच्या मागे एका व्यवस्थापकाचा निर्धार होता, पुष्कळ तयारी होती. त्यानंतर वर्षही झाले नव्हते, न्यूयॉर्क तेच आणि माँट्रियलही तेच, आणि आमच्या लॅरी क्वाँगच्या मागे कोणाचाही निर्धार नव्हता. त्याच्या मागे होते फक्त त्याचे गोल.

ते मात्र भरपूर होते. १९४७-४८ च्या हंगामात रोव्हर्सतर्फे पासष्ट सामन्यांत त्याने शहाऐंशी गुण मिळवले. गोलाला एक गुण आणि दुसऱ्याच्या गोलाला दिलेल्या साहाय्याला एक, अशी ती मोजणी. संघात सर्वांत जास्त गुण त्याचे. मार्च महिन्यात रेंजर्सचे काही गडी जायबंदी झाले आणि निरोप आला, की शनिवारी माँट्रियलला हजर व्हावे.

१३ मार्च १९४८. माँट्रियल फोरम हे आइस हॉकीचे पंढरपूर म्हणावे असे सभागृह. लीगमध्ये तेव्हा सहाच संघ होते. सगळे मिळून शंभर-सव्वाशे जागा. त्यांतल्या एका जागेवर तो चिनी वाण्याचा मुलगा रेंजर्सचा निळा सदरा घालून बसला होता. चिनी वंशाचा, किंबहुना कोणत्याही आशियाई वंशाचा माणूस त्या लीगच्या बाकावर याआधी बसलेला नव्हता. गोरा नसलेला तो पहिलाच, असेही अनेक जण सांगतात. आम्ही त्या वादात शिरत नाही.

पहिला डाव झाला. तो बाकावरच. दुसरा डाव झाला. बाकावरच. आपल्या शेजारचे गडी उठतात, जातात, धापा टाकत परत येतात, पुन्हा उठतात, आणि आपण बसलेलो आहोत. बर्फाशेजारच्या गारव्यात तापलेले अंगही निवून जाते. तिसरा डाव संपत आला तेव्हा फ्रँक बाऊशर या प्रशिक्षकाने त्याला हात केला. तो कठड्यावरून उडी टाकून आत गेला, सुमारे एक मिनिट खेळला, परत आला. रेंजर्स तो सामना ३-२ असे हरले.

त्यानंतर त्याला पुन्हा वर बोलावले गेले नाही.

हे वंशभेदामुळे झाले काय? प्रश्न सरळ आहे आणि त्याचे उत्तर आम्ही झटकन देणार नाही. बाऊशर यांची बाजूही ऐकली पाहिजे. सामना चुरशीचा होता. रेंजर्सना त्या हंगामात पहिल्या चारांत राहायचे होते, आणि ते राहिलेही. अशा वेळी नवख्या गड्यावर मदार टाकण्याचा धीर पुष्कळ प्रशिक्षकांना होत नाही. क्वाँग अंगाने लहान होता आणि खेळ अंगाला अंग भिडवण्याचा. एका सामन्यापुरते वर जाऊन कायमचे खाली आलेले गोरे खेळाडूही लीगच्या इतिहासात कितीतरी आहेत. हे सारे मान्य.

पण मग पुढचाही विचार करावा लागतो. ज्याला दाखवायचेच नाही त्याला बोलावले कशाला? आणि त्या रात्री धीर झाला नाही, तर दुसऱ्या एखाद्या रात्री का नाही? क्वाँगने पाहिले, की त्याच्याहून कमी गुण मिळवणारे सोबती वर जातात आणि टिकतात. आणखी एक दाखला याच संघाचा आणि याच वर्षाचा आहे. हर्ब कार्नेगी हा निग्रो खेळाडू क्युबेकच्या लीगमध्ये नाणावलेला. १९४८ साली रेंजर्सनी त्याला सरावाला बोलावले, पाहिले, आणि हाताखालच्या संघांत जागा देऊ केली. वरची नाही. तेवढ्या पगाराहून जास्त तो घरीच मिळवत होता. त्याने ते नाकारले आणि तो परत गेला. कार्नेगी कधीच नॅशनल लीगमध्ये खेळला नाही. २०१२ साली तो वारला आणि २०२२ साली, दहा वर्षांनी, हॉकीच्या सन्मानमंदिरात त्याचे नाव घेतले गेले.

आमचे मत विचाराल तर ते असे. व्हर्ननच्या न्हाव्याने तोंडावर नाही म्हटले, म्हणून त्याची गोष्ट सांगता येते. सरकारने कागद दिले नाहीत, तेही सांगता येते. पण प्रशिक्षक जेव्हा बाकाच्या एका टोकाकडे नजरच वळवत नाही, तेव्हा तो नाही म्हणत नसतो. त्याचा कागद होत नाही. त्याच्या स्वतःच्या मनातही कदाचित त्याचा उच्चार होत नसेल. म्हणून पुरावा मागणाऱ्याला आम्ही पुरावा देऊ शकत नाही. मात्र ज्या माणसाच्या आयुष्यात याआधी तीनदा दार लागले होते, त्याने चौथ्यांदाही ते वाऱ्याने लागले असे मानावे, हे आम्हांला अजब वाटते. क्वाँग स्वतः याविषयी कडवटपणे बोलत नसे. मला काय येते ते दाखवायला वेळ मिळाला नाही, एवढेच त्याचे म्हणणे असे.

हंगाम संपला आणि त्याने रेंजर्सचे घर सोडले. त्याला एक मागणे आले होते, क्युबेक प्रांतातल्या व्हॅलीफील्ड या गावाहून. आणि येथून पुढची गोष्ट आम्हांला त्या एका मिनिटाहून अधिक महत्त्वाची वाटते, जरी तिच्याविषयी सहसा दोनच ओळी लिहिल्या जातात.

व्हॅलीफील्ड हे माँट्रियलच्या नैर्ऋत्येला, सेंट लॉरेन्स नदीकाठचे, सूतगिरणीचे, फ्रेंच बोलणाऱ्यांचे गाव. तेथला ‘ब्रेव्हज’ संघ क्युबेकच्या वरिष्ठ लीगमध्ये खेळे. ही लीगही ट्रेलसारखीच नावाची हौशी. पैसे मिळत, आणि कधी कधी नॅशनल लीगपेक्षा बरे मिळत. नॅशनल लीगमध्ये सहाच संघ, तेव्हा ज्यांना तेथे जागा नव्हती, दिली जात नव्हती, किंवा परवडत नव्हती, असे उत्तम गडी या लीगमध्ये गोळा झाले होते. कार्नेगी येथेच खेळे. पुढे जगप्रसिद्ध झालेला ज्याँ बेलिव्हो याच लीगमध्ये क्युबेक शहराच्या संघात होता आणि तेथे इतका सुखी होता, की माँट्रियलच्या कॅनेडियन्स संघाला तो काही केल्या मिळेना. शेवटी १९५३ साली कॅनेडियन्सनी अख्खी लीगच विकत घेतली, तिला व्यावसायिक ठरवले, आणि मग बेलिव्होला त्यांच्याकडे जाणे भाग पडले. गोठ्यातली एक गाय हवी म्हणून गाव विकत घ्यावे, तसे हे झाले.

अशा लीगमध्ये क्वाँग सात हंगाम खेळला. १९४९ साली त्यांना प्रशिक्षक मिळाला तो टो ब्लेक. हा कॅनेडियन्सचा मोठा खेळाडू. १९४८ च्या जानेवारीत रेंजर्सविरुद्धच्याच सामन्यात घोटा मोडून त्याचा तेथला खेळ संपला होता. ब्लेकला रंग दिसत नव्हता असे आम्ही म्हणणार नाही, कोणाच्या मनात काय होते ते आपल्याला काय ठाऊक. पण त्याने क्वाँगला मध्य आघाडीवर उभे केले आणि सामन्यामागून सामना खेळवले. एवढेच. यापलीकडे काही करण्याची जरूरच नव्हती. १९५०-५१ च्या हंगामात क्वाँगला लीगमधला सर्वांत मोलाचा खेळाडू म्हणून व्हिमी करंडक मिळाला, आणि त्याच वसंतात व्हॅलीफील्डने अलेक्झांडर चषक, म्हणजे वरिष्ठ संघांचे कॅनडाचे अजिंक्यपद जिंकले. त्या लीगमध्ये कोण होते ते आत्ताच सांगितले. तेथला सर्वांत मोलाचा खेळाडू म्हणजे कोणी ऐरागैरा नव्हे. बेलिव्हो यांनी पुढे उतारवयात क्वाँगची आठवण काढली तेव्हा त्याच्या गोलांची नव्हे, तर त्याने सोबत्यांना दिलेल्या पासांची वाखाणणी केली.

टो ब्लेक १९५५ साली कॅनेडियन्सचा प्रशिक्षक झाला. तेरा वर्षांत त्याने आठ वेळा स्टॅनले चषक जिंकला, त्यांतले पहिले पाच लागोपाठ. खेळाडू ओळखण्याची नजर त्याला होती की नव्हती, हे यावरून ठरवावे. त्या नजरेने पाहिलेला लॅरी क्वाँग आणि नोंदवहीतला लॅरी क्वाँग हे एकाच माणसाचे दोन हिशेब आहेत.

पुढची हकिकत थोडक्यात सांगतो. १९५७ साली तो इंग्लंडमध्ये नॉटिंगहॅमच्या संघात गेला, तेथून स्वित्झर्लंडला. गोठार्डच्या पायथ्याशी आम्ब्री नावाचे एक खेडे आहे. त्या खेड्याचा संघ आजही त्या देशाच्या वरच्या लीगमध्ये खेळतो, हे एक नवलच. तेथे तो खेळला. पुढे लोझान येथे प्रशिक्षक झाला, टेनिसही शिकवू लागला. एके काळी ज्याला सरहद्द ओलांडायला कागद मिळाला नव्हता, तो युरोपात चौदा-पंधरा वर्षे राहिला, तेथेच त्याने संसार केला, मुलगी झाली. १९७२ साली ते कॅनडाला परतले आणि कॅलगरी शहरात भावाबरोबर घराण्याचे किराणा दुकान चालवू लागले. गल्ल्यावर बसलेल्या या गृहस्थांनी कधी काळी फोरमच्या बर्फावर पाय ठेवला होता, हे किती गिऱ्हाइकांना ठाऊक असेल!

१८ जानेवारी १९५८ रोजी, त्याच माँट्रियलमध्ये, विली ओरी हा बॉस्टनच्या संघातून उतरला. तो नॅशनल लीगमधला पहिला निग्रो खेळाडू. त्याचे नाव योग्य कारणाने मोठे झाले, आणि भेदाची भिंत फुटली ती त्या दिवशी, असा समज रूढ झाला. दहा वर्षांपूर्वीचे ते मिनिट कोणाला आठवले नाही. आपल्यापैकी कोणी पुढे विचारील, की आपल्या रक्ताचा कोणी तेथे पोचला का? पोचला. ब्रिटिश कोलंबियातच वाढलेला रॉबिन बावा हा पंजाबी घरातला खेळाडू १९८९ साली त्या लीगमध्ये उतरला आणि एकसष्ट सामने खेळला.

क्वाँग यांचे नाव पुन्हा वर आले ते फार उशिरा. व्हर्ननच्या एका शाळामास्तरांनी चिकाटी धरली, पत्रे लिहिली, जुनी वृत्तपत्रे चाळली. त्यांचे कार्य हा या कहाणीतला एक स्वतंत्र अध्याय होईल. २०१३ साली ब्रिटिश कोलंबियाच्या क्रीडा सन्मानमंदिरात आणि २०१६ साली त्या प्रांताच्या हॉकीच्या सन्मानमंदिरात क्वाँग यांना स्थान मिळाले. तोवर रक्ताभिसरणाच्या विकारामुळे त्यांचे दोन्ही पाय काढावे लागले होते. चाकांच्या खुर्चीत बसून ते सन्मान घेत. त्या वेळची त्यांची छायाचित्रे आम्ही पाहिली आहेत; चेहऱ्यावर हसू आहे आणि ते ओढून ताणून आणलेले वाटत नाही.

१५ मार्च २०१८ रोजी, वयाच्या चौऱ्याण्णवाव्या वर्षी, कॅलगरीत ते वारले. फोरममधल्या त्या रात्रीला दोनच दिवसांपूर्वी सत्तर वर्षे पुरी झाली होती.